पांदण रस्त्याची केस सहा वर्षांपासून तहसीलात. निकालाची मुदत कुणाकडे मागायची?

धुऱ्याकाठचा

पैनगंगेच्या काठी आमचं पाच एकर काळं वावर आहे. गावातून तिथं जायला बंडीची वाट होती, आज्याच्या काळापासूनची, शेजाऱ्याच्या धुऱ्यानं, म्हणजे बांधावरून. जानेवारी २०१९ मध्ये शेजाऱ्यानं काट्या टाकून ती बंद केली. बाबांनी मार्चमध्येच तहसीलदारांकडे मामलतदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली अर्ज लावला. वाट अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत लावावा लागतो असं अर्जनवीसानं सांगितलं होतं, म्हणून घरातली तूर विकायची ठेवून बाबा आधी तिकडे गेले.

तेव्हापासून माझ्या वहीत ५३ पेश्यांची नोंद आहे. साहेब निवडणुकीच्या कामात. साहेबांची बदली. समोरचा वकील आला नाही. फाइल सापडत नाही. २०२० लॉकडाऊनमध्ये गेलं, त्याचा दोष मी कुणाला देत नाही. मौका पाहणी दोनदा झाली, नाल्याजवळ जुनी चाकोरी दिसते असं पटवाऱ्यानं पंचनाम्यात लिहिलं. फेब्रुवारी २०२२ मध्ये आमच्या बाजूनं आदेश झाला. बाबांनी त्या दिवशी मारुतीच्या पारावर पेढे वाटले. महिना व्हायच्या आत समोरच्याकडून रिव्हिजन, म्हणजे आदेश तपासायचा वरच्या अधिकाऱ्याकडचा अर्ज, लागलं आणि स्थगिती आली. दीड वर्षानं निकाल आला : समोरच्या सातबाऱ्यावरच्या एका मयत खातेदाराच्या वारसाला नोटीस बजावलीच नव्हती, म्हणून फेरचौकशी. प्रकरण पुन्हा तहसीलात, पुन्हा पहिल्या पेशीपासून. त्याच दिवाळीत बाबा गेले. मग आमचीच, म्हणजे माय आणि मी, अशी वारस म्हणून नावं चढायला आणखी सात महिने लागले.

दरम्यान वावराचं काय झालं तेही सांगतो. २०२१ ला सोयाबीनची सुडी वावरात होती आणि थ्रेशर न्यायला वाट नव्हती. दुसऱ्या वाटेनं न्यायची परवानगी मिळेपर्यंत पाऊस आला, सुडीला कोंब फुटले. तेव्हापासून सोयाबीन पेरणंच सोडलं. कापूस बाया डोक्यावर आणतात, नाल्यातून, म्हणून वेचणीचा भाव किलोमागं जास्त द्यावा लागतो. पाऊस लागला की नाल्यातून खताचं पोतं नेता येत नाही.

जिल्ह्याच्या लोकशाही दिनाला, महिन्याच्या पहिल्या सोमवारी, गेलो. प्रकरण सुनावणीवर आहे म्हणून अर्ज घेतला नाही. आपले सरकार पोर्टलवर तक्रार केली तर त्याच कारणानं ती निकाली काढली.

निकाल माझ्याच बाजूनं द्या असं मी म्हणत नाही. पण तो कधी देणार, हे विचारायची जागा कोणती?

निवृत्त मंडळ अधिकारी

भाऊ, मी महसुलात आयुष्य काढलं, म्हणून लिहितो. असल्या केसेस नोटिशीच्या बजावणीतच मरतात, तुमची एकदा मेली आहे. तेव्हा पहिलं काम हे : समोरच्या गटाचा आजचा सातबारा आणि वारसांचे फेरफार काढा, जिवंत प्रत्येक हिस्सेदाराचं नाव-पत्ता लिहून यादी स्वतः दाखल करा. कुणी पुण्या-मुंबईला असेल तर तिथला पत्ता. बजावणीचा अहवाल फाइलला लागला का, हे प्रत्येक पेशीला पाहा. घरी कुणी सापडत नसेल तर दारावर नोटीस चिकटवून पंचनामा करून घ्या. हे कार्यालयाचं काम आहे, मान्य, पण ते अर्धवट राहिलं तर दुसऱ्यांदा फेरचौकशी तुमच्याच डोक्यावर येईल.

दुसरं, रोजनाम्याची नक्कल घ्या. कोणत्या तारखेला काय झालं आणि कुणामुळं पुढं ढकललं, ते त्यात असतं. तुमची वही खरी आहे, पण वरच्या कोर्टात चालतो तो रोजनामा. नक्कल देत नसतील तर माहिती अधिकारात मागा, १० रुपये फी, ३० दिवसांत उत्तर द्यावं लागतं, नाही दिलं तर पहिलं अपील.

कापूसवेची

दादा, आमचाही रस्ता असाच अडला होता. आम्ही तंटामुक्त समितीत बसून आठ फुटावर मिटवलं. बारा फूट मागत होतो. मन मारावं लागलं, पण बंडी जाते. फक्त एक करा, समझोता झाला तर तो तहसीलदारासमोर नोंदवून तसाच आदेश घ्या आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कात चढवा. आमचा नुसता कागदावर होता, समोरचा म्हातारा वारला अन् पोरगा म्हणतो मी सही केली नाही.

तालुका कोर्टातला वकील

तुमच्या प्रश्नाचं थेट उत्तर : उच्च न्यायालयाचं नागपूर खंडपीठ. संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली अर्ज करून एवढंच मागायचं की प्रकरण ठरावीक मुदतीत निकाली काढण्याचा निर्देश द्यावा. गुणदोषावर काही मागू नका, मागणी छोटी असली की ऐकली जाण्याची शक्यता जास्त. पण त्याआधी तहसीलदारांकडे लवकर निकालाचा लेखी अर्ज देऊन पोच घ्या, नाहीतर 'तिथं मागितलं होतं का' हा पहिला प्रश्न येईल.

खर्चाची काळजी वाटत असेल तर आईंच्या नावानं अर्ज करा. त्या वारस म्हणून पक्षकार आहेतच. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रीला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही. तालुका विधी सेवा समितीत अर्ज द्या, नागपूरला उच्च न्यायालयाची विधी सेवा उपसमिती आहे.

आणि या वेळी आदेश तुमच्या बाजूनं झाला तर त्याच आठवड्यात रिव्हिजनच्या ठिकाणी कॅव्हेट, म्हणजे आम्हाला ऐकल्याशिवाय स्थगिती देऊ नका असा अर्ज, लावा. गेल्या वेळची स्थगिती तुम्हाला ऐकून न घेता मिळाली असावी असं तुमच्या लिहिण्यावरून वाटतं.

धुऱ्याकाठचा

हो साहेब, तसंच झालं होतं. स्थगितीचा कागद आला तेव्हाच आम्हाला कळलं.

ताई, आठ फुटाचं मी दोनदा विचारून पाहिलं, शेजारी पायवाटेपलीकडे काही द्यायला तयार नाही. पुन्हा एकदा विचारीन.

रोजनाम्याच्या नकलेचा अर्ज आज लिहिला. मायले सगळं वाचून दाखवलं. ती म्हणाली, माझ्या नावानं कर, मी येते सहीले. पुढची पेशी पंधरा तारखेला आहे, त्या दिवशी ती सोबत येणार आहे. वारसांची यादी काढतो आहे, एक जण सुरतेला आहे, त्याचा पत्ता मिळाला की इथं लिहितो.