२८ मिनिटांचं मृगजळ, पण यात आठवण कुठाय?

खारावारा: अमेरिकी व्हिडिओ-कलाकार बिल व्हायोलाचं १९७९ सालचं ‘शॉट अल-जेरिद’ काल पुन्हा पाहिलं. ट्युनिशियातल्या खाऱ्या, बहुतेक वर्षभर कोरड्या असणाऱ्या तळ्यावर टेलिफोटो (दूरचं जवळ आणणारी) लेन्स लावून टिपलेलं मृगजळ. झाडं जमीन सोडून तरंगतात, डोंगरांच्या कडा थरथरतात. गंमत म्हणजे आधी अमेरिकेतल्या इलिनॉय आणि कॅनडातल्या सस्कॅचवानची बर्फाळ माळरानं दिसतात. तो पांढरा रंग डोळ्यांत राहतो आणि पुढे मीठही बर्फच वाटू लागतं. माझ्या मते हे व्हिडिओ आठवणीबद्दल आहे.

तिरकस_तात्या: तुमच्या मते! उपशीर्षकात त्याने फक्त प्रकाश आणि उष्णता म्हटलंय. आठवण आपण चिकटवली. वाळवंट दिसलं की स्मृती, काळ, शून्य असे शब्द बाहेर काढायची खोडच आहे समीक्षकांना. तोझर ते केबिली रस्ता त्या तळ्यावरूनच जातो. तिथल्या ट्रकवाल्याला हे रोज फुकट दिसतं. तो नाही म्हणत स्मृती वगैरे.

खारावारा: ट्रकवाल्याला काय वाटतं ते तुम्ही विचारलंत का?

तिरकस_तात्या: नाही. तुम्ही?

लेन्सवाली: दोघंही मृगजळाला भ्रम धरून चाललाय. तसं नाहीये हो. जमिनीलगतची हवा तापून विरळ होते, वरून येणारा प्रकाश तिच्यात वाकून पुन्हा वर वळतो आणि आकाशाचा तुकडा खाली दिसतो. पाणी नसतं, पण किरण खरे असतात, म्हणून तर कॅमेऱ्यात येतात. ‘ते पाणी आहे’ एवढंच आपण पदरचं घालतो. (आपल्या शब्दात हरीण आहे ते बरंच आहे, फसणारा कोण ते तरी कळतं.)

खारावारा: मग आठवणीचंही तेच की! घडलेलं खरं, वाकलेलं तेवढं आपलं.

तिरकस_तात्या: वाक्य छान आहे. पण ते तुमचं, व्हायोलाचं नाही. बर्फाचा मुद्दा मात्र मान्य. मीठ बघताना मलाही थंडी वाजली होती, पंखा बंद असताना.

लेन्सवाली: मोबाइलवर पाहिलंत का तात्या?

तिरकस_तात्या: हो. का?

लेन्सवाली: मग ती कडांची थरथर किती उष्णतेची आणि किती नेटची, ते आधी ठरवा.