शेवटचा नकाशा टाका, आणि त्यात काय राहून गेलं तेही सांगा

माहुलीचा रात्रपक्षी

परवा भाच्यानं फॅमिली ग्रुपवर एक फोटो टाकला. अख्खा हिंदुस्थान भगवा, वर काबूलपर्यंत घुसलेला, खाली श्रीलंका गिळलेली, आणि मधोमध इंग्रजीत ताणून ताणून लिहिलेलं 'मराठाज'. त्याखाली आमच्या काकूंचा रिप्लाय: "छान रांगोळी हो बाळा." मावशीनं दोन गुलाब टाकले. पोरानं युरोपा युनिव्हर्सालिस ४ हा राज्य वाढवायचा कॉम्प्युटर गेम शेवटपर्यंत नेऊन संपवलाय हे ग्रुपवर एकट्या मलाच कळलं.

ज्यांनी खेळलाय त्यांना काय सांगायचं, पण बाकीच्यांसाठी. ११ नोव्हेंबर १४४४ ला सुरुवात. तेव्हा दख्खनवर बहामनी, मराठ्यांचं राज्य नकाशावर नाहीच, ते आपण घडवायचं. १८२१ च्या जानेवारीत घड्याळ थांबतं. गुणबिण दिसतात, ते कोण बघतंय? सगळे बघतात तो नकाशा.

फोटो मोठा करून बघितला तर किनाऱ्यावर एक हिरवा ठिपका. गोवा! पोर्तुगालचा! काबूल घेतलं आणि गोवा राहिला. फोन लावला तर म्हणतो, "मामा, त्यांचं आरमार बघितलंस का? नंतर घेऊ म्हटलं, तर तारीखच संपली."

मग माझे जुने दिवस आठवले. तेव्हा नकाशा दाखवायचा म्हणजे प्रिंट स्क्रीन, पेंट, पेन ड्राइव्ह आणि पोवई नाक्याजवळचं झेरॉक्सचं दुकान. कलर प्रिंट काढली की भगवा हमखास गुलाबी यायचा. दुकानदार कागद उलटासुलटा करून विचारायचा, "मोजणीचा आहे का? गट नंबर दिसंना यात." त्या प्रिंटमध्ये विजयनगरचा एक प्रांत मधेच शिल्लक होता. त्यांच्याशी तह होता म्हणून हात लावला नाही, आणि तह संपेस्तोवर खेळ संपला.

तर टाका आपापले. नुसती फुशारकी नको, राहिलेला तुकडा दाखवायचाच.

शाहूपुरी एफटेन

भाच्यानं मोबाइलनं मॉनिटरचा फोटो काढलाय ना? रेघा दिसत असतील. त्याला म्हणावं एफ१० दाब. पूर्ण जगाचा राजकीय नकाशा एका चित्रात येतो, खेळाच्या स्क्रीनशॉटच्या फोल्डरात जाऊन बसतो. एफ११ नं फक्त समोर दिसतंय तेवढंच. न शोधलेला मुलूख झाकलेला राहतो, तो उघडायचा तर कन्सोलमध्ये, म्हणजे खेळाला हुकूम टाइप करायच्या खिडकीत, टीआय. आयर्नमॅन, म्हणजे मागं जाऊन चूक सुधारता येत नाही असा डाव असेल तर कन्सोलच नाही, बसा बोंबलत. माझ्या शेवटच्या नकाशात निम्मी अमेरिका झाकलेली आहे. तिकडं काय चाललं होतं मला अजून माहीत नाही, आणि चालतंय की.

विश्रामबाग हॉस्टेल

आमचा जमाना एज ऑफ एम्पायर्स २. सांगलीत इंजिनिअरिंगला होतो, हॉस्टेलवर वायरी टाकून लॅन. खेळ संपला की नकाशापेक्षा ती टाइमलाइनची पट्टी बघायला गर्दी. प्रत्येकाच्या रंगाचा पट्टा, कुणाचा कधी फुगला, कधी आटला. आमचा एक पार्टनर कायम निळा घ्यायचा आणि दरवेळी निळा पट्टा मधेच बारीक होत होत गायब. त्याला आजही ग्रुपवर 'बारीक' म्हणतात. लग्नपत्रिकेच्या मेसेजखालीसुद्धा पाच जणांनी "अभिनंदन बारीक" लिहिलं, सासरच्यांना वाटलं तब्येतीवरून.

आणि एकदा शेवटचा किल्ला पडायला आला आणि लाईट गेली. भारनियमनाचे दिवस. त्या डावाचा निकाल अजून लागलेला नाही. दोघंही जिंकलो म्हणून सांगतात.

गणपती पेठेतली

मी खेळत नाही, नवरा खेळतो. रात्री दीडला हलवून उठवलं, "ऊठ, बघ तरी." मला वाटलं आई पडल्या की काय. बघते तर नकाशा. मी झोपेत विचारलं, यात सांगली कुठंय? तर सांगलीच नाही!! मिरज बघ म्हणे, तेच आपलं. म्हटलं झोपते मी.

मिरजमधून

@गणपती पेठेतली, भाऊजींचं बरोबर आहे हो 😄 सांगलीचं संस्थान मिरजेतून फुटून वेगळं झालं ते १८०१ ला, चिंतामणराव पटवर्धनांच्या वेळी. १४४४ ला सांगली मागायची म्हणजे काय! मिरजेचा किल्ला तेव्हाही होता.

गणपती पेठेतली

आलं का मिरजकर. वाटच बघत होते.

फ्लेक्सवाला नाही मी

माझा नकाशा साताऱ्यात चौकात लागला होता. खोटं नाही. वाढदिवसाला मित्रांनी फ्लेक्स केला, नेहमीचा, गॉगल घातलेला फोटो, खाली शुभेच्छुकांची चाळीस डोकी. मागं डिझाइनला काहीतरी पाहिजे म्हणून एकानं माझ्या मेलमधला शेवटचा नकाशा लावला. अटकेच्या पुढं समरकंदपर्यंत भगवा. वर मथळा: "अखंड साम्राज्याचे भावी चक्रवर्ती". तीन दिवस लोकं खाली उभं राहून वाचत होती. एक आजोबा म्हणाले, "बंगाल सोडला व्हय रं?" नेमका बंगालच राहिला होता! माझं लक्षच गेलं नव्हतं, ते शुभेच्छुकांच्या डोक्यामागं झाकलेलं होतं, आजोबांना तरी दिसलं कसं.

चौथ्या दिवशी उतरवला. आता गोठ्यावर आहे, पावसाचं पाणी अडतंय चांगलं.

तीन फेज

वर सगळे युरोपावाले दिसतात. मी क्रुसेडर किंग्ज ३. आमच्याकडं शेतीपंपाला लाईट रात्री, मोटर चालू करून आलं की पाणी पोचेस्तोवर लॅपटॉप उघडायचा. १०६६ ला कल्याणीचे चालुक्य घेऊन बसतो. आजवर एकदाही शेवटचा नकाशा बघण्यालायक झाला नाही, कारण बाप मेला की राज्याची वाटणी. तीन पोरं, तीन तुकडे. मग धाकट्याशी लढा, थोरल्याला विष घाला. चाळीस वर्षं राबून जोडलेलं एका रात्रीत तुकडे तुकडे. आमच्या गावचा सातबारा बघितला तर हेच, फक्त गुंठ्यात. शेवट १४५३ ला होतो, तोवर नकाशात माझ्याच आडनावाची सतरा राज्यं, आणि सगळ्यांचा माझ्यावर दावा.

राहिलेला तुकडा विचारता? सगळेच राहिलेत.

फ्लेक्सवाला नाही मी

नाद खुळा 😂 वाटणीपत्र रजिस्टर करून घ्यायचं की आधीच.

अजिंक्यताऱ्याखाली

एक मुद्दा मांडतो, लांबला तर माफी. युरोपाचा डाव १८२१ ला संपतो म्हणजे आपल्या खऱ्या शेवटाच्या जेमतेम पुढं. १८१८ ला पेशवाई संपली. १८१९ ला इंग्रजांनी तह करून प्रतापसिंह महाराजांना साताऱ्याच्या गादीवर ठेवलं, १८३९ ला काढलं, आणि १८४८ ला डलहौसीनं वारस नाही म्हणून राज्यच खालसा केलं. खेळाच्या शेवटच्या तारखेला खरा नकाशा बघितला असता तर सातारा एक लहानसं मांडलिक राज्य. आपण सगळे त्याच तारखेला काबूल भगवं करून फोटो काढतो. ज्यानं त्यानं बघावं.

दुसरं, मांडलिकांचा रंग. चौथीच्या पुस्तकापासून आपल्या डोक्यात एकच भगवा पट्टा बसलाय. पण १७५८ ला अटकेला पोचलेला मुलूख एका हाताखाली कुठं होता? शिंदे, होळकर, गायकवाड, नागपूरकर भोसले, प्रत्येकाचा कारभार वेगळा. म्हणून मी खेळात त्यांना मांडलिकच ठेवतो, गिळत नाही. माझा शेवटचा नकाशा गोधडीसारखा दिसतो आणि मला तोच खरा वाटतो. भाच्याचा एकरंगी नकाशा देखणा असेल, पण मराठ्यांचा नाही.

तिसरं. एम्पायर टोटल वॉर, २००९ चा. त्यात मराठे घेऊन १७०० पासून खेळता येतं. मजा म्हणजे खऱ्या १७०० ला एप्रिलमध्ये अजिंक्यतारा औरंगजेबानं घेतला, आझमतारा नाव ठेवलं. राजाराम महाराज मार्चमध्येच गेले होते. मी डाव सुरू केला की खिडकीतून वर बघतो, झाडीतून तट दिसतो. असो.

गोव्याबद्दल पोराला रागावू नका. खऱ्यातही राहिलाच होता, १९६१ पर्यंत. जंजिराही कुणाला मिळाला नाही.

माहुलीचा रात्रपक्षी

@अजिंक्यताऱ्याखाली, मांडलिकांचं पटलं नाही. शेवटच्या शंभर वर्षांत ते फितूर होतात, इंग्रजांच्या नादी लागतात.

अजिंक्यताऱ्याखाली

मग हेच तर म्हणतोय.

कृष्णाकाठची पावभाजी

२०१९ चा ऑगस्ट. पाणी चढायला लागलं तेव्हा कागदपत्रं, दागिने, आजीचं औषध, गॅस, सगळं वरच्या मजल्यावर गेलं. सीपीयू टेबलाखाली आणि टेबल पाण्याखाली. कॉलेजपासूनचे सगळे सेव्ह, म्हणजे साठवलेले डाव, त्यात. नंतर उघडला तर आत बोटभर गाळ, रॅमच्या खाचेत एक मेलेली गोगलगाय. मित्राच्या मेलमध्ये एकच चित्र सापडलं, तेही १६५० सालचं, अर्ध्या डावाचं. तेव्हा नर्मदा ओलांडत होतो. पुढं काय झालं ते कृष्णामाईला ठाऊक.

२०२१ ला परत पाणी आलं तेव्हा आईनं पहिला सीपीयू उचलला आणि कपाट राहिलं. आता ती ऐकवते.

विश्रामबाग हॉस्टेल

वाईट वाटलं रे. आमच्या खोलीमालकांचं पण सगळं गेलं होतं. ती हार्ड डिस्क आहे का अजून? पुण्यात डेटा काढून देतात म्हणे.

कृष्णाकाठची पावभाजी

आहे की, पण सेव्हसाठी एवढे पैसे बायको देईल का? लग्नाचे फोटो त्यात आहेत असं सांगून बघतो.

गणपती पेठेतली

सांगून बघा. मी तिच्या जागी असते तर लगेच दिले असते, आणि फोटो आधी मागितले असते.

शाहूपुरी एफटेन

@तीन फेज, वारसाहक्काचा कायदा बदलता येतो त्यात. सगळं थोरल्याला मिळेल असं करता येतं, पण ते बरंच नंतर. तोवर दोन पिढ्या भांडणातच.

तीन फेज

माहिताय. पण धाकटा मीच आहे घरात, हात होत नाही.

दहावीची आई

नमस्कार. माझ्या मुलानं हा धागा वाचायला दिला आणि म्हणतोय इतिहासाला उपयोग होतो. खरंच होतो का? आणि साध्या लॅपटॉपवर चालतो का?

फ्लेक्सवाला नाही मी

ताई, लॅपटॉपवर चालतो. मार्च झाल्यावर चालतो.

मिरजमधून

@गणपती पेठेतली, तुमच्या पेठेत चांगला भडंग कुणाकडं मिळतो? रविवारी येतोय, पाहुण्यांना न्यायचाय.

गणपती पेठेतली

आमच्या घरीच या. नकाशा बघायला लागेल मात्र.