पत्रकाराचा सरकारी प्रवक्ता झालेला माणूस: सेमिनारला कुणाला घेऊ?

राजारामपुरीकर:
नमस्कार मंडळी. शिवाजी विद्यापीठात मास कॉमला आहे. सेमिनारसाठी ब्रिटनचे तेव्हाचे पंतप्रधान टोनी ब्लेअर यांचा प्रवक्ता, आधीचा पत्रकार अ‍ॅलिस्टर कॅम्पबेल घ्यायचा विचार चाललाय, पण सर म्हणाले नुसत्या त्याच्या डायऱ्यांवर जाऊ नको. मग काय वाचू? का आपल्याकडचं कोण घेऊ? वीस मिनिटं बोलायचंय.

जुना बातमीदार:
कॅम्पबेलच घे भावा, फक्त डायऱ्या शेवटी वाच. आधी न्यायाधीश लॉर्ड हटनची चौकशी वाच. सप्टेंबर २००२ च्या सरकारी कागदात इराक ४५ मिनिटांत शस्त्रं वापरू शकतो असं होतं, मे २००३ ला बीबीसीच्या गिलिगननं सांगितलं की ते चढवून लिहिलंय, जुलैत त्याला माहिती देणारे सरकारी शास्त्रज्ञ डेव्हिड केली वारले (त्याचीच ही चौकशी), ऑगस्टमध्ये कॅम्पबेलनं राजीनामा दिला. जानेवारी २००४ ला हटननं सरकारला मोकळं सोडलं आणि बीबीसीचे अध्यक्ष, महासंचालक दोघांनीही राजीनामे दिले. हे डोक्यात ठेवून डायऱ्या उघड, मग कळतंय माणूस कशावर पानंच्या पानं लिहितो आणि काय दोन ओळीत उरकतो.

मी स्वतः बातमीदारी सोडून चार वर्षं एका खात्याच्या प्रेसनोटा लिहिल्यात. पहिल्याच महिन्यात जुन्या दोस्ताचा फोन आला, अमुक गावात टँकर किती दिवसांनी जातोय म्हणून. आकडा माझ्यासमोर टेबलावर होता, आणि मी म्हणालो "माहिती घेऊन सांगतो." त्यानं परत कधी फोन केला नाही, मला अजून ते लागतंय. कॅम्पबेलच्या आयुष्यात असली जागा शोध, सेमिनार तिथंच आहे.

पंचगंगा घाट:
आपल्याकडचं पाहिजे तर पत्रकार कुलदीप नय्यर. गोविंद वल्लभ पंत, नंतर शास्त्रीजींकडं माहिती अधिकारी, मग यूएनआय या वृत्तसंस्थेत. १९६४ मध्ये मोरारजी पंतप्रधानपदाच्या शर्यतीत उतरल्याची बातमी त्यांनीच दिली आणि ती मोरारजींना महागात पडली, त्यामुळं हे शास्त्रींचंच माणूस असं लोक बोलले. जानेवारी १९६६ ला शास्त्रीजी ताश्कंदला वारले तेव्हा नय्यर तिथंच होते. शास्त्रीजींच्या खोलीत गालिच्यावर नीट ठेवलेल्या, न घातलेल्या चपला आणि आडवा पडलेला थर्मास, एवढं त्यांनी टिपलंय. प्रवक्त्याची नोकरी केली तरी बातमीदाराची नजर गेली नव्हती बघा. आणि १९७५ ला आणीबाणीत हाच माणूस तुरुंगात.

राजारामपुरीकर:
काका, टँकरची गोष्ट तुमचं नाव न घेता सुरुवातीला सांगितली तर चालेल का? कॅम्पबेलच घेतो, नय्यर तुलनेला पाच मिनिटं.

जुना बातमीदार:
सांग की. आणि करवीर नगर वाचन मंदिरात नय्यरांचं आत्मचरित्र आहे का विचारून ये, नसलं तर विद्यापीठाच्या खर्डेकर ग्रंथालयात बघ. गावाचं नाव मात्र विचारू नको.