निकालातील किरकोळ चुकीसाठी पुनर्विलोकन अर्ज करावा का?

प्रश्न
शेतजमिनीच्या मालकी व ताब्याच्या दाव्यात निकाल आमच्या बाजूने लागला. निकालपत्राच्या विवेचनात गट क्रमांक सर्वत्र बरोबर आहे, मात्र अंतिम आदेशात आणि त्यावरून निघालेल्या हुकूमनाम्यात (ज्याची अंमलबजावणी होते तो न्यायालयाचा औपचारिक दस्तऐवज) दोन अंकांची अदलाबदल झाली आहे. शिवाय दाव्यापूर्वीच्या तीन वर्षांच्या उत्पन्नाची भरपाई आम्ही मागितली होती, तिच्याबद्दल आदेशात एक शब्दही नाही. निकालाला 30 दिवस उलटून गेले आहेत. दोन्हींसाठी मिळून एकच पुनर्विलोकन अर्ज, म्हणजे त्याच न्यायालयाने आपला निकाल पुन्हा तपासावा असा अर्ज, करावा, असे सुचवले गेले आहे. ते योग्य ठरेल का?

प्रतिसाद 1
या दोन गोष्टी एका अर्जात घालू नयेत, असे माझे स्पष्ट मत आहे. गट क्रमांकाबाबत न्यायालयाने काय ठरवले याविषयी शंका नाही; ठरवलेले कागदावर उतरवताना चूक झाली. अशा चुकीसाठी दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 चे कलम 152 आहे. लेखनातील किंवा आकडेमोडीतील चूक, तसेच अनवधानाने राहून गेलेली गोष्ट न्यायालय त्याखाली कधीही, अर्जावरून किंवा स्वतःहून, दुरुस्त करू शकते; त्यामुळे 30 दिवसांचा प्रश्नच येत नाही. कलम 114 व आदेश 47 खालील पुनर्विलोकनाला मात्र ती मुदत लागू आहे, आणि एका साध्या अंकासाठी विलंबमाफीच्या सुनावणीत तारखा घालवण्याचे काही कारण नाही.

भरपाईचे तसे नाही. मागितलेली दाद हुकूमनाम्यात स्पष्टपणे दिलेली नसेल, तर ती नाकारली असे कलम 11 च्या पाचव्या स्पष्टीकरणानुसार समजले जाते. द्वारकादास विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या 1999 च्या प्रकरणात, दावा प्रलंबित असतानाच्या काळाचे न दिलेले व्याज कलम 152 खाली जोडता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले. दुरुस्तीच्या नावाखाली नवी दाद मिळवता येत नाही, हे योग्यच आहे. एरवी कोणताही निकाल अंतिम राहिला नसता.

प्रतिसाद 2
वादपत्रात, म्हणजे दावा दाखल करतानाच्या मूळ अर्जात, गट क्रमांक बरोबर आहे ना, हे आधी पाहावे. मूळ चूक तिथलीच असेल, तर जमिनीच्या ओळखीबद्दल वाद नव्हता हे सातबारा व चतुःसीमांवरून दाखवावे लागेल. तसेच दुरुस्ती होईपर्यंत दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) दाखल करण्याची घाई करू नये, कारण दरखास्त चालवणारे न्यायालय हुकूमनाम्याच्या पलीकडे जात नाही.

प्रश्नकर्ता
वादपत्रात क्रमांक बरोबरच आहे. मग भरपाईसाठी पुनर्विलोकन करावे की अपील?

प्रतिसाद 1
माझा कल अपिलाकडे आहे. अभिलेखावर (प्रकरणाच्या कागदपत्रांवर) उघड दिसणारी चूक पुनर्विलोकनात चालते, युक्तिवाद करून शोधावी लागणारी चालत नाही. पूर्ण मौन ही उघड चूक आहे, असे म्हणता येईल. पण अर्ज फेटाळला गेला, तर आदेश 47 नियम 7 प्रमाणे त्या आदेशावर अपील नाही, आणि तोवर मूळ निकालावरील अपिलाचा विलंब वाढत जातो. नक्कल मिळण्यास लागलेले दिवस मुदतीतून वगळले जातात, तेव्हा नकलेवरील तारखा आजच तपासून घ्याव्यात.