बेसला डिस्टॉर्शन दिलं की खालचा दम जातो

प्रश्न: सॉ वेव्हचा (करवतीच्या दात्यांसारख्या लहरीचा) बेस आहे, मूळ स्वर ५५ हर्ट्झ. खरखरीत, फाटका आवाज हवाय. पण ड्राइव्ह (डिस्टॉर्शनची, म्हणजे आवाज फाडण्याची मात्रा) वाढवला की खालचा दम जातो आणि वर नुसती माशी घोंघावते. काय चुकतंय?

उत्तर १: एकाच ट्रॅकवर सगळं करू नका. बेसच्या दोन प्रती करा. पहिलीला १२० हर्ट्झवर लो-पास (फक्त त्याखालचा आवाज जाऊ देणारा फिल्टर). ती स्वच्छ आणि मोनो ठेवा. दुसरीला तिथेच हाय-पास (फक्त वरचा आवाज जाऊ देणारा), मग डिस्टॉर्शन. माशी येते ती सॉ वेव्हच्या वरच्या हार्मोनिक्समुळे (मूळ स्वराच्या पटीतल्या स्वरांमुळे). म्हणून डिस्टॉर्शनच्या आधी २ किलोहर्ट्झवर लो-पास लावा, नंतर पुन्हा ६ किलोहर्ट्झच्या आसपास. आधीचा फिल्टर काय फाटणार ते ठरवतो, नंतरचा काय ऐकू येणार ते. तुलना मात्र लेव्हल जुळवूनच करा, नाहीतर मोठा आवाज उगाच चांगला वाटतो.

उत्तर २: दोन्ही प्रती जोडताना १२० हर्ट्झजवळ आवाजात खड्डा पडला तर एका प्रतीची पोलॅरिटी (लहरीची वर-खाली दिशा) उलटी करून बघा. आणि दोन स्वर एकत्र फाडताना जपून! सा ११० आणि ग १३७.५ दिले तर फरकाचा २७.५ हर्ट्झही तयार होतो, चिखल तिथलाच. सा-प चालतात, फरक नेमका खालच्या सप्तकातला सा निघतो.

उत्तर ३: डिस्टॉर्शनचं ओव्हरसॅम्पलिंग (आतला हिशोब जास्त सॅम्पल रेटने करणं) ४ पट ठेवा. नाहीतर ४४.१ किलोहर्ट्झ सॅम्पल रेटच्या प्रोजेक्टमध्ये (मर्यादा त्याच्या निम्मी, २२.०५) ५ किलोहर्ट्झचा पाचवा हार्मोनिक २५ वर मावत नाही, उलटा फिरून १९.१ वर येतो. तो बेसुरा किरकिराट मुद्दाम हवा असेल तरच ओव्हरसॅम्पलिंग बंद करा.