कार्डाशिवाय फुकट ओव्हरड्राफ्ट? जरा थांबा

सांडगी_मिरची

परवा इथे एक धागा आला होता. ज्यांनी वाचला नसेल त्यांच्यासाठी गोषवारा: लेखक अमेरिकेत, खातं एका मोबाइल ॲपवरचं, पाकीट हरवलं, त्यात डेबिट कार्ड गेलं, नवीन टपालाने यायला आठवडा. खात्यात ११ डॉलर. तरी दुकानात फोन टेकवून ४९ डॉलरचं वाणसामान घेतलं, खातं उणे ३८ वर गेलं (शिल्लक संपल्यावरही असे उसने पैसे मिळतात, तो ओव्हरड्राफ्ट) आणि दंड शून्य. शेवटी सल्ला: "कार्डाची गरजच नाही, दंडाची भीती नाही. नवीन येणाऱ्या सगळ्या मुलांनी असंच खातं उघडा, जुन्या बँकांना रामराम करा." खाली पंचवीस जणांचं "मस्त माहिती, धन्यवाद".

तिथे दोन ओळी लिहायला बसलो, त्या लांबत गेल्या, म्हणून वेगळा धागा.

"कार्डाची गरजच नाही" हे खोटं आहे. फोनमध्ये असतं ते त्याच कार्डाचं दुसरं रूप. प्लास्टिक नसलं तरी व्यवहार डेबिट कार्डाचाच धरला जातो, म्हणून तर ओव्हरड्राफ्ट लागू झाला. चाइमसारख्या ॲपवर ही सोय मिळायला आधी खरं कार्ड घरी येऊन ॲक्टिव्हेट व्हावं लागतं, शिवाय महिन्याला किमान २०० डॉलर पगार थेट खात्यात यावा लागतो. मर्यादा सुरू होते २० डॉलरपासून. ती चढत २०० पर्यंत जाते, पण आपली किती वाढणार हे ते ठरवणार. काल विमानातून उतरलेल्या पोराच्या हाती यातलं काय लागणार?

आणि माझं डोकं फिरलं ते वेगळ्याच कारणाने. बायकोच्या मामेभावाचा मुलगा इथे अमेरिकेत शिकायला आला. असाच सल्ला वाचून त्याने सगळा कारभार एका ॲपवर नेला. घरभाडं खात्यातून परस्पर जायचं. एका महिन्यात ६० डॉलर कमी पडले. तो निवांत, कारण ओव्हरड्राफ्ट आहे ना! पण ही सोय कार्डाने केलेली खरेदी आणि रोख काढणं एवढ्यापुरतीच होती. खाते क्रमांकावरून जाणारं भाडं, वीजबिल, चेक यांना नाही. भाडं परत गेलं, घरमालकाने उशिराचे ७५ डॉलर लावले. ॲपने मात्र एक सेंटही घेतला नाही. फुकट म्हणजे फुकटच!

शिवाय पगार थांबला की ही सोयही थांबते. ओपीटीवर (शिक्षणानंतर मिळणारी तात्पुरती कामाची परवानगी) नोकरी शोधत दोन महिने काढणाऱ्यालाच खरी गरज, आणि नेमकी त्यालाच मर्यादा शून्य. ज्याच्याकडे पैसे येताहेत त्यालाच उसने मिळणार, मग कौतुक कसलं?

नवा_गडी

मीच तो धागालेखक. "खोटं" हा शब्द मागे घ्या काका. शीर्षकातच लिहिलंय, "हातात कार्ड नसताना". कार्ड मी मागच्या वर्षीच ॲक्टिव्हेट केलं होतं. पाकीट हरवल्यावर ॲपमधून जुनं रद्द केलं, नव्याचा नंबर तिथेच दिसला, फोनच्या वॉलेटमध्ये घातला आणि दुकानात गेलो. घरात तांदूळसुद्धा नव्हते. त्या आठवड्यात मला कोणी उसने दिले नाहीत, या ॲपने दिले. पगार आल्यावर ३८ वळते झाले, संपला विषय.

तुमच्या पाहुण्याने अटी वाचल्या नाहीत याचं पाप माझ्या माथी का? जुन्या बँकेत त्याच खरेदीवर ३५ डॉलर कापले असते.

सांडगी_मिरची

काका कोणाला म्हणतोस? चव्वेचाळीस वय आहे माझं.

३५ डॉलरचं मला सांगू नकोस. २००९ साली विद्यार्थी असताना एका दिवसात तीन वेळा भरलेत. सकाळी कॉफी, दुपारी झेरॉक्स, संध्याकाळी बसचा पास, तिन्ही मिळून १९ डॉलरसुद्धा नव्हते. दंड १०५. आठवडाभर डाळ-तांदूळ खाल्ले. शाखेत जाऊन विनवण्या केल्यावर बाईंनी एक ३५ माफ केला, तोही उपकार केल्यासारखा.

नवा_गडी

मग? तुम्हीच माझी बाजू मांडलीत की! त्या दिवशी तुमच्याकडे हे ॲप असतं तर १०५ वाचले असते. धन्यवाद काका.

हिशेबनीस

दोघेही थोडे घसरताय. जुन्या बँकेतही त्या वाणसामानावर ३५ डॉलर आपोआप लागले नसते. एटीएम आणि एका वेळच्या डेबिट कार्ड खरेदीवर ओव्हरड्राफ्टची फी लावायची तर ग्राहकाचा आधी होकार हवा, हा नियम २०१० मध्ये आला. होकार नसेल तर कार्ड नाकारलं जातं, दंड नाही. सांडगी मिरचींचे १०५ त्याआधीच्या वर्षी गेले, त्यांचं नशीब. चेक आणि ऑटोपेला मात्र हे संरक्षण आजही नाही, आणि पाहुण्याचं भाडं अडकलं ते त्याच गल्लीत.

दुसरं, "जुन्या बँका" सगळ्या एका माळेचे मणी नाहीत. कॅपिटल वन आणि सिटीने २०२२ मध्ये ओव्हरड्राफ्ट फी काढूनच टाकली. बँक ऑफ अमेरिकाने त्याच वर्षी ३५ ची १० केली. सरकारी ग्राहक संरक्षण संस्थेने डिसेंबर २०२४ मध्ये मोठ्या बँकांसाठी ५ डॉलरची मर्यादा आणली होती. अमेरिकी काँग्रेसने, म्हणजे तिथल्या संसदेने, ती लागू होण्याआधीच रद्द केली, मे २०२५ मध्ये ट्रम्प यांची सही झाली. राग काढायचाच तर तिकडे काढा.

सांडगी_मिरची

राजकारण नको इथे. पण २०१० चं बरोबर आहे. ते पत्र आलं होतं आणि मी "हो" वर खूण केली होती, कारण त्यात "तुमची अडचण होऊ नये म्हणून" असं लिहिलं होतं. आता हसा.

एडिसनकर

माझं छोटं किराणा दुकान आहे, एवढंच सांगतो. हे "फुकट" कोण भरतं विचारा. मी भरतो.

प्रत्येक डेबिट स्वाइपमागे कार्ड देणारी बँक दुकानदाराकडून फी कापते. १० अब्ज डॉलरहून जास्त मालमत्तेच्या बँकांच्या कार्डांवर या फीला २०११ पासून मर्यादा आहे, डर्बिन म्हणतात ती. साधारण २१ सेंट अधिक रकमेच्या ०.०५ टक्के, फसवणुकीसाठी वर एक सेंट. ४९ डॉलरच्या खरेदीवर सुमारे २४ सेंट. छोट्या बँकांना ही मर्यादा नाही, त्या बऱ्याच जास्त घेऊ शकतात. आता बघा, चाइम स्वतः बँक नाहीच. खाती बॅनकॉर्प आणि स्ट्राइड या बँकांत, दोन्ही मर्यादेच्या खालच्या. हा योगायोग नाही, त्या जादा फीतला वाटा ॲपला मिळतो. पोरगं फोन टेकवतं, बीप वाजतो, ॲपवाले ग्राहकाला "दंड नाही हो" सांगतात आणि माझ्या महिन्याच्या स्टेटमेंटवर आकडा फुगतो.

नवा_गडी

तुमच्याकडच्या तोंडलीचे भाव बघितलेत मी. फी तुम्ही भरत नाही, आम्हीच भरतो.

एडिसनकर

तोंडली विमानाने येतात. परसात लावा मग.

ताकभात

कार्डावरून आठवलं म्हणून लिहिते, अवांतर होईल, माफ करा. तुमच्याकडे कार्ड नसताना पैसे मिळतात, आमच्याकडे भारतात कार्ड न वापरता पैसे कापतात. आईच्या पेन्शन खात्यातून दरवर्षी २३६ रुपये जातात, २०० वार्षिक शुल्क आणि ३६ जीएसटी. कार्ड पाकिटातून बाहेरही काढलेलं नाही, पिनचं पाकीट तसंच चिकटलेलं. सहा वर्षं. बँकेत विचारलं तर काउंटरवरचा मुलगा म्हणतो, "मॅडम, कार्ड इश्यू झालंय ना."

भोचक_भवानी

अवांतर कसलं, हाच मुख्य विषय आहे! मिनिमम बॅलन्सचं काय? गरिबाकडे पैसे नाहीत म्हणून गरिबाला दंड, यासारखं गणित कुठे बघितलंय का? गेल्या ऑगस्टमध्ये आयसीआयसीआयने नव्या शहरी खात्यांसाठी किमान शिल्लक १०,००० वरून थेट ५०,००० केली होती, आठवतंय ना? ऑगस्ट २०२५. लोकांनी शंख केला तेव्हा आठवड्याभरात १५,००० वर आले. बोंब मारल्याशिवाय काही होत नाही.

बँकेतला_बाब्या

३४ वर्षं सरकारी बँकेत काढली, आता निवृत्त. एक बाजू ऐकून घ्या. स्टेट बँकेने २०२० च्या मार्चमध्येच किमान शिल्लकेचा दंड बंद केला. २०२५ मध्ये कॅनरा, पंजाब नॅशनल, बडोदा, इंडियन बँक यांनीही केला. खाजगी बँकेत खातं उघडायचं, एसीत बसायचं आणि मग रडायचं. शून्य शिल्लकेचं बेसिक खातं प्रत्येक बँकेत मिळतं, त्यावर एटीएम कार्डही फुकट. मागतं कोण?

आणि ताकभात, कार्ड नको होतं तर अर्ज द्यायचा. एका ओळीचं काम.

ताकभात

एका ओळीचं काम? आई ७८ वर्षांची आहे. शाखा दुसऱ्या मजल्यावर, लिफ्ट "लवकरच सुरू होईल" म्हणून पाटी, ती पाटीसुद्धा आता पिवळी पडली. मी रजा टाकून गेले तर "खातेदार स्वतः हवेत". तुमच्यासारख्यांनीच ३४ वर्षं लोकांना जिने चढायला लावले.

बँकेतला_बाब्या

व्यक्तिगत होऊ नका. माझी शाखा तळमजल्यावर होती.

आणि तिकडे ३८ डॉलरचं कौतुक चाललंय म्हणून सांगतो, आपल्याकडे २०१४ पासून जनधन आहे. खात्यावर १०,००० पर्यंत ओव्हरड्राफ्ट, त्यातले २,००० कसल्याही अटीशिवाय. कोणी त्याचे धागे काढत नाही.

भोचक_भवानी

कारण कोणाला मिळतच नाही! आमच्या कामवाल्या मावशी तीन वेळा जाऊन आल्या. पहिल्यांदा "साहेब नाहीत". दुसऱ्यांदा "सहा महिने व्यवहार दाखवा". तिसऱ्यांदा "घरातल्या एकालाच मिळतो, नवऱ्याचं खातं बघावं लागेल". नवरा सहा वर्षांपूर्वी सोडून गेलाय! शेवटी १,५०० मी दिले, भांडी घासून फेडले. तुम्ही किती जणांना दिलात, आकडा सांगा.

बँकेतला_बाब्या

सांगतो. एका खेड्यातल्या शाखेत होतो तेव्हा नऊ बायकांना दोन-दोन हजार स्वतः मंजूर केले. चौघींनी व्याजासकट फेडले. पाच जणींना वाटलं सरकारने पाठवले. वसुलीला गेलो तर एकीने चहा दिला, म्हणाली, "साहेब, मोदींचे पैसे तुम्ही का मागताय?" वरून मेमो मला आला, नंतरच्या साहेबाने एकही अर्ज पुढे सरकवला नाही. मी त्याला दोष देत नाही. तुमच्या मावशींची केस मात्र चुकीची हाताळली, नवरा सोबत राहत नसेल तर तिचंच कुटुंब धरायला हवं होतं. एवढं मान्य.

भोचक_भवानी

चला, बँकेने काहीतरी मान्य केलं. तारीख लिहून ठेवते.

हिशेबनीस

दोन गोष्टी, मग गप्प बसतो. एक, जनधनचा ओव्हरड्राफ्ट फुकट नाही, व्याज लागतं. चाइमला व्याज नाही, पण मर्यादा २०० डॉलर आणि पगाराची अट. तुलना करायचीच तर नीट करा. दोन, १ एप्रिल २०१५ पासून आपल्याकडे किमान शिल्लकेच्या दंडापायी बचत खातं उणे करता येत नाही, रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. तिकडे खातं उणे गेलं की दंड, इकडे दंडाने उणे जायला बंदी. हे तरी आपलं बरं आहे.

आणि हो, जनधनच्या रूपे कार्डावरचा अपघात विमा मिळायला अपघाताआधीच्या ९० दिवसांत कार्ड एकदा तरी वापरलेलं असावं लागतं. ट्रंकेत गुंडाळून ठेवलेल्या कार्डांना हे कोणी सांगत नाही. म्हणजे प्लास्टिक लागतंच, नवा_गडी.

एडिसनकर

विषय भरकटून धाग्याचं काश्मीर झालं. पॉपकॉर्न संपलं माझं.

सांडगी_मिरची

धागा मी कशावर काढला होता? कार्ड, भाडं, ओव्हरड्राफ्ट. इथे जिने, मोदी आणि तोंडली चालू आहेत.

असो. नवा_गडी, "खोटं"च्या जागी "अर्धवट" वाच. तू उपाशी राहिला नाहीस ते बरंच झालं, आणि २००९ मध्ये माझ्याकडे ते ॲप असतं तर मीही वापरलं असतं, घे, ऐकलंस? पण "सगळ्या मुलांनी हेच करा" हे वाक्य काढ. भाडं ज्या खात्यातून जातं ते वेगळं ठेवा, एवढं तरी लिही.

नवा_गडी

लिहिलं. "भाडं, वीजबिल आणि चेक यांना लागू नाही, पगार थांबला की सोय बंद, असे एक ज्येष्ठ सदस्य कळवतात." काका काढलं, ज्येष्ठ ठेवलं.

नवीन कार्ड काल आलं. ॲक्टिव्हेट करून ड्रॉवरमध्ये टाकलंय. पाकिटात ठेवून पुन्हा कोण हरवणार?

बँकेतला_बाब्या

ताकभात, शाखेत जायचीही गरज नाही. बहुतेक बँकांच्या फोन सेवेवरून कार्ड बंद होतं, आईंच्या नोंदवलेल्या मोबाइलवरून करायला लावा. मग शुल्क थांबवण्याचा अर्ज ईमेलने द्या, पोच घ्या. जिन्याबद्दल... माझ्या आधीच्या शाखेत जिना होता. पहिला मजला.

ताकभात

आभारी आहे, खरंच. काल रात्री फोन लावून देत होते तर आईने तो हातातून काढून घेतला. म्हणाली, "राहू दे गं. घर तुझ्या बाबांच्या नावावर, गॅस बाबांच्या नावावर, वीजबिल अजूनही त्यांच्याच नावाने येतं. त्या कार्डावर माझं नाव छापलंय." आता देव्हाऱ्याखालच्या खणात आहे, पिनच्या पाकिटासकट.