चक रोस्ट चिवट राहतो म्हणून महागडे मांस घ्यावे का?
दोन तास शिजवूनही चक रोस्ट (गोमांसाचा खांद्याकडचा तुकडा) चिवटच राहिला, तर महागडा तुकडा घ्यावा का, असे वर विचारले आहे. मुळीच घेऊ नये. खांद्याच्या या मांसात कोलॅजन (स्नायूंना बांधून ठेवणारे चिवट प्रथिन) भरपूर असते आणि त्याचेच हळूहळू जिलेटिन होऊन मांस मऊसूत व रस्सा दाट होतो. टेंडरलॉइनमध्ये (कण्याजवळचा मऊ, महागडा तुकडा) ते फारच कमी असल्यामुळे असा मंद आचेवर तासन्‌तास शिजवल्यास तो उलट कोरडा पडतो. दीड किलोचा अखंड तुकडा पुसून कोरडा करावा, मीठ-मिरपूड लावून सर्व बाजूंनी चांगला तपकिरी होईपर्यंत परतावा, आणि कांदा व तुकड्याच्या निम्म्या उंचीपर्यंत येईल इतका स्टॉक (हाडे किंवा भाज्या उकळून काढलेले पाणी) घालताना बुडाला लागलेली खरवड नीट सोडवून घ्यावी, कारण रश्श्याची खरी चव तिच्यातच असते. मग घट्ट झाकण लावून भांडे १५० अंश सेल्सिअसच्या ओव्हनमध्ये तीन ते साडेतीन तास ठेवावे. रस्सा खळखळ उकळू देऊ नये. अधूनमधून एखादा बुडबुडा वर येणे पुरेसे आहे. गाजर व बटाटे शेवटच्या तासात घालावेत. काटा खुपसून फिरवल्यावर धागे सहज सुटत नसतील, तर मांस जास्त नव्हे, कमी शिजले आहे असे समजून आणखी अर्धा तास द्यावा.